घरच्या घरी : गाडीच्या काचेची पिचकारी

मैत्रिणींनो, मिक्सरचं पातं बदलणं, कुकरचा व्हॉल्व्ह बसवणं, नळाचा वायसर घालणं ही कामं आपण आता सहज करतो. पण दारातल्या चारचाकीचं बॉनेट उघडायची वेळ आली की बहुतेकजणी दोन पावलं मागे सरतात. 'ते त्यांचं खातं,' असं म्हणून मोकळ्या होतात. आज त्यातलंच एक छोटंसं काम शिकू या. कुकरची रिंग बदलण्याइतकंच ते सोपं आहे. समोरच्या काचेवर पाणी उडवणारी जी दोन छोटी नोझल बॉनेटवर किंवा काचेच्या खालच्या पट्टीवर असतात, ती साफ कशी करायची आणि खराब झाली असतील तर बदलायची कशी, हा आजचा विषय. कुणी त्यांना जेट म्हणतात, कुणी वॉशर म्हणतात. मुलं म्हणतात पिचकारी, आणि तेच नाव मला सगळ्यांत आवडतं.

तुम्ही म्हणाल, एवढ्याशा पिचकारीचं काय एवढं? फडक्याने काच पुसली की झालं. घरून निघताना झालं, हे खरं. पण रस्त्यात काय करणार?

आपल्या नंदुरबार जिल्ह्यातलंच उदाहरण घ्या. अक्कलकुवा तालुक्यातल्या काठीची राजवाडी होळी पाहायला दरवर्षी किती गावांहून माणसं जातात, ते सांगायला नको. जुन्या मेवासी संस्थानांपैकी काठी हे एक. डोक्यावर मोरपिसांचे टोप, कमरेला भोपळे आणि घुंगरं बांधून रात्रभर नाच चालतो, आणि उंच बांबूची ती होळी पेटते पहाटे. म्हणजे पाहुण्यांचा जायचा प्रवास संध्याकाळचा किंवा रात्रीचा, आणि परतीचा भल्या सकाळचा. जाताना देवगोई घाटात पुढच्या जीपगाड्यांची धूळ काचेवर बसते. रात्रीच्या दिव्यांवर येणारे किडे काचेवर आपटून चिकटतात. पहाटे त्यावर थोडं दव पडतं. मग घाट उतरून अक्कलकुव्याला आलात आणि तळोद्याचा रस्ता धरलात, की गाडीचं तोंड पूर्वेला. फाल्गुनी पौर्णिमा बहुधा मार्चमध्ये येते, आणि त्या दिवसांत सूर्य जवळजवळ ठीक पूर्वेला उगवतो. म्हणजे अगदी डोळ्यांसमोर!

स्वच्छ काचेतून हा सूर्य नुसता त्रास देतो. मळक्या काचेतून तो काहीच दिसू देत नाही. काचेवरचा धुळीचा एकेक कण उजळून निघतो आणि समोर दुधाळ पडदा उभा राहतो. त्याच वेळी रस्त्याच्या कडेने रात्रभर नाचून दमलेली माणसं, लेकरं कडेवर घेतलेल्या बाया, आपापल्या पाड्याकडे पायी चाललेल्या असतात. आता जरा हिशेब करा. ताशी 40 किलोमीटरच्या वेगाने गाडी एका सेकंदाला 11 मीटर पुढे जाते. तीन सेकंद नीट दिसलं नाही, तर 33 मीटर रस्ता आपण डोळे मिटून ओलांडला असं समजा. तेवढ्या अंतरात किती माणसं चालत असतील? म्हणूनच ही पिचकारी म्हणजे गाडीची नटवी वस्तू नव्हे. ब्रेकच्या खालोखाल तिची काळजी घ्यायला हवी.

आणखी एक. धुळीच्या कोरड्या काचेवर नुसता वायपर फिरवू नये. धुळीत बारीक वाळूचे कण असतात, ते रबराखाली घासले जाऊन काचेवर अर्धगोल ओरखडे पडतात. हे ओरखडे नंतर कशानेही जात नाहीत, आणि रात्री समोरच्या गाडीचे दिवे पडले की प्रत्येक ओरखडा चमकतो. आधी पाणी, मग वायपर, हाच क्रम. म्हणजे पाणी उडत नसेल तर वायपर असूनही उपयोग नाही.

जाता जाता एक गंमत सांगते. हा वायपर मुळात एका बाईच्या डोक्यातून निघाला आहे. अमेरिकेतल्या अलाबामा राज्यातल्या मेरी अँडरसन हिवाळ्यात न्यूयॉर्कला गेल्या होत्या. बर्फ पडत असताना ट्रॅमच्या चालकाला काच उघडून, गारठत समोर पाहावं लागतं, हे त्यांनी पाहिलं. आतून दांडा फिरवून काच पुसता येईल असं साधन त्यांनी तयार केलं आणि 10 नोव्हेंबर 1903 रोजी त्याचं पेटंट मिळवलं. एका कंपनीने 'याला व्यापारी मोल नाही' म्हणून ते नाकारलं. पेटंटची मुदत संपली आणि मग तर गाडी तिथे वायपर अशी स्थिती आली. बाईंना त्यातून पैसा मिळाला नाही. पुढे 1917 साली विजेवर चालणाऱ्या काचपुसणीचं पेटंट घेतलं, तेही शार्लट ब्रिजवूड या बाईंनीच. तेव्हा 'बायकांना गाडीतलं काय कळतं' असं कुणी म्हणालं, तर ही दोन नावं सांगून बॉनेट उघडा.

आधी दुखणं ओळखा

डॉक्टर आधी नाडी पाहतात, मग औषध देतात. आपणही तसंच करू. काही वेळा नोझल चांगलं असतं आणि दोष दुसरीकडेच असतो. नवं नोझल आणून बसवलं तरी पाणी येत नाही, आणि पैसे वाया जातात.

या यंत्रणेत चारच गोष्टी आहेत. बॉनेटखाली पाण्याची प्लॅस्टिकची टाकी, तिच्या बुडाशी बसवलेला छोटा विजेचा पंप, तिथून वर जाणारा बारीक रबरी पाईप, आणि पाईपच्या टोकाला नोझल. मध्ये एका ठिकाणी पाईपला दोन फाटे फुटतात, एक डाव्या नोझलला आणि एक उजव्या.

इंजिन बंद ठेवून किल्ली फक्त 'चालू' पर्यंत फिरवा आणि वायपरची दांडी आपल्याकडे ओढा. घरातल्या कुणाला तरी बॉनेटजवळ कान देऊन उभं करा.

'घुर्रर्र' असा आवाज आलाच नाही, तर फ्यूज, वायर किंवा पंप यांत दोष आहे. फ्यूज पाहणं जमत असेल तर पाहा, नाहीतर गाडीच्या वायरमनला दाखवा. नोझलला हात लावू नका.

आवाज येतो पण पाणी येत नाही, तर आधी टाकी पाहा. टाकी रिकामी असणं हे सर्वांत जास्त आढळणारं कारण, आणि ते पाहायचंच राहून जातं! रिकाम्या टाकीवर पंप पुन्हा पुन्हा चालवू नका, तो तापून जळतो. भरलेल्या टाकीवरसुद्धा एका वेळी आठ-दहा सेकंदांपेक्षा जास्त दांडी ओढून धरू नये.

आवाज येतो, पाणीही जातं, पण ते गाडीखाली सांडतं, तर पाईप निसटला आहे किंवा फाटला आहे. गाडी अंगणात उभी राहत असेल तर उंदरांवर संशय घ्या. इंजिनाच्या उबेला येऊन पाईप कुरतडणं हा त्यांचा आवडता उद्योग.

एका नोझलमधून पाणी येतं आणि दुसऱ्यातून नाही, किंवा नुसतीच लाळ गळल्यासारखं येतं, तर दोष बहुधा त्या नोझलमध्येच आहे. पण खात्री करून घ्या. बॉनेटच्या खालच्या बाजूने त्या नोझलचा पाईप काढा, टोक एका पेल्यात धरा आणि दांडी ओढायला सांगा. पेल्यात जोरात धार आली, तर पाईप आणि पंप ठीक, नोझल चोंदलेलं. धार आली नाही, तर पाईप कुठे दुमडला आहे का ते पाहा.

चोंदतं कशाने?

पाणी तापवायच्या रॉडवर जो पांढरा थर जमतो, तोच इथेही जमतो. बोअरचं जड पाणी टाकीत भरलं की नोझलच्या बारीक छिद्रात उन्हाने ते सुकतं आणि क्षार मागे राहतो. शिवाय धूळ असते. गाडीला लावलेलं पॉलिशही छिद्रात जाऊन बसतं. टाकीत महिनोन्‌महिने तेच पाणी राहिलं तर आत शेवाळ धरतं, त्याचे तुकडे वर येऊन अडकतात. आणि काहीजणी काच छान निघावी म्हणून टाकीत कपडे धुण्याची पावडर घालतात. ती तर अजिबात नको. तिचा फेस होतो, तळाशी गाळ बसतो आणि गाडीच्या रंगावर ओघळ उमटतात.

साहित्य

पांढरं व्हिनेगर अर्धी वाटी (किंवा कोमट पाण्यात विरघळवलेलं चमचाभर लिंबाचं सत्त्व), बारीक शिवणाची सुई, जुना दात घासायचा ब्रश, मऊ फडकं, चपटा पेचकस, लांब चोचीची पक्कड, कोमट पाणी, आणि बदलायचंच असेल तर नवं नोझल.

नोझल घेताना गाडीचं नाव, मॉडेल आणि साल सांगा. शक्य तर जुनं काढून सोबतच न्या. ब्लाउजला बटण आणताना आपण नमुना नेतो, तसंच. काही गाड्यांत डावं आणि उजवं नोझल वेगळं असतं, म्हणून काढतानाच कागदाच्या चिठ्ठीवर 'डावं', 'उजवं' लिहून ठेवा. ही वस्तू स्वस्त असते. जुनं नोझल तुटलेलं नसेल तर आधी साफ करून पाहा, बरेचदा नव्याची गरजच पडत नाही.

कृती

1. गाडी सावलीत, सपाट जागी उभी करा. इंजिन पूर्ण गार होऊ द्या. किल्ली काढून खिशात ठेवा. बॉनेट उघडून त्याचा दांडा खाचेत नीट बसला आहे ना, हे हलवून पाहा. साडीचा पदर खोचून घ्या, ओढणी काढून ठेवा, बांगड्या वर सरकवा.

2. बॉनेटच्या आतल्या बाजूला काही गाड्यांत जाडसर काळं अस्तर असतं. ते प्लॅस्टिकच्या टिकल्यांनी बसवलेलं असतं. नोझलजवळच्या दोन-तीन टिकल्या पेचकसाने हलकेच उचला, म्हणजे हात आत जाईल. सगळं अस्तर काढायची गरज नाही.

3. नोझलला जोडलेला पाईप काढा. तो सरळ ओढू नका. आधी थोडा पिळा, सैल झाला की ओढा. जुना पाईप कडक झालेला असतो. कोमट पाण्यात बुडवलेलं फडकं मिनिटभर त्याभोवती धरलं की मऊ पडतो. जोर केलात तर नोझलचं प्लॅस्टिकचं नाक मोडतं.

4. नोझलला खालच्या बाजूने दोन छोटे पंख असतात. ते अंगठा आणि बोटाने, नाहीतर पक्कडीने, आत दाबा आणि नोझल खालून वर ढकला. ते बॉनेटच्या वरच्या बाजूने बाहेर येईल. वरून पेचकस घालून उचकटू नका, रंग निघतो. तरी खबरदारी म्हणून भोवती फडकं पसरा.

5. साफ करायचं असेल तर नोझल तासभर व्हिनेगरमध्ये बुडवून ठेवा. मग ब्रशने घासा. रॉकेलच्या स्टोव्हचा निपल पिनने कसा साफ करत, ते सासूबाईंना विचारा. तंत्र तेच आहे. फरक एवढाच, की हे प्लॅस्टिक आहे, तेव्हा सुई अगदी हलक्या हाताने. छिद्र मोठं झालं की धार जाते आणि नुसतं ठिबकतं. कचरा आल्या वाटेने बाहेर काढायचा, म्हणून पाण्याच्या बाहेर पडण्याच्या छिद्रातून उलटं पाणी सोडा. नळाखाली धरा, किंवा सुई नसलेल्या इंजेक्शनच्या नळीने जोर द्या. तोंडाने फुंकू नका. टाकीतलं साचलेलं पाणी तोंडात जाऊ देण्याजोगं नसतं.

6. नोझल बसवण्यापूर्वी पाईपाचं टोक बादलीत धरून एकदा पाणी सोडा. पाईपात अडकलेला कचरा निघून जाईल. हे केलं नाही तर नवं नोझल पहिल्याच दिवशी चोंदेल.

7. आता नोझल वरून खाचेत ठेवा. छिद्रांची बाजू काचेकडे हवी. खाली रबराची चकती असेल तर ती विसरू नका. अंगठ्याने दाबा, 'टक' आवाज आला की बसलं. खालून पाईप पुरता चढवा. टोक जुनं होऊन फाकलं असेल तर कात्रीने अर्धा इंच कापून टाका, नवी कड घट्ट बसते. अस्तराच्या टिकल्या परत दाबा आणि पाईप कुठे दुमडला नाही ना, ते पाहा.

नेम धरणं

इथेच थोडं कौशल्य लागतं. काही नोझलांत मोहरीएवढी गोळी असते आणि तिच्यात छिद्र असतं. छिद्रात सुई घालून गोळी किंचित वर-खाली, डावी-उजवी फिरवता येते. एका वेळी केसभरच फिरवा आणि धार पाहा. गाडी उभी असताना धार काचेच्या मध्यापेक्षा थोडी वर पडली पाहिजे, कारण गाडी पळू लागली की समोरचा वारा धारेला खाली दाबतो. पण इतकीही वर नको की पाणी टपावरून मागच्या स्कूटरवाल्याच्या तोंडावर जाईल! दोन्ही धारा वायपर फिरतो त्या भागातच पडल्या पाहिजेत, आणि चालवणाऱ्याच्या समोरचा भाग आधी भिजला पाहिजे. काही नोझल पंख्यासारखे तुषार उडवतात. त्यांत गोळी नसते, तिथे सुई घालून खटपट करू नका.

शेवटी तीन-चार वेळा पाणी उडवून पाहा आणि बॉनेटखाली हात फिरवा. कुठे ओलं लागलं नाही, तर काम फत्ते. पहिल्या खेपेला सगळं मिळून तासभर लागेल, पुढच्या खेपेला त्याच्या निम्मा वेळही लागणार नाही.

कुठे हात घालायचा नाही, तेही सांगते. काही नव्या गाड्यांत नोझल वायपरच्या दांडीतच बसवलेलं असतं. काहींत नोझलला विजेची वायर जोडलेली असते. काचेमागे कॅमेरा असलेल्या गाड्याही आल्या आहेत. अशी गाडी असेल, किंवा ती अजून हमीच्या मुदतीत असेल, तर ती जाणत्या मिस्त्रीकडेच न्या. आपण दोष ओळखून गेलो असलो, की 'सगळी यंत्रणाच बदलावी लागेल' असं सांगून कुणी घाबरवू शकत नाही, हा फायदा आहेच.

टाकीत काय घालावं?

गाळलेलं किंवा आर.ओ.चं पाणी, आणि त्यात दुकानात मिळणारं काच धुण्याचं द्रावण, बाटलीवर लिहिलेल्या प्रमाणात. 'नुसतं पाणी का नको?' असं काहीजणी विचारतील. क्षार हे एक कारण झालं. दुसरं जरा गंभीर आहे. इंग्लंड आणि वेल्समधल्या वाहनचालकांचा एक अभ्यास 2010 साली प्रसिद्ध झाला. ज्यांच्या टाकीत द्रावण न घालता नुसतं पाणी असे, त्यांना लिजिओनेला नावाच्या जंतूमुळे होणाऱ्या न्यूमोनियाचा धोका जास्त असल्याचं त्यात दिसलं. हा जंतू साचलेल्या कोमट पाण्यात वाढतो आणि तुषारांबरोबर श्वासात जातो. आपल्याकडच्या उन्हात बॉनेटखालचं पाणी कोमटच राहणार. तेव्हा द्रावण घाला, पाणी महिनोन्‌महिने साठवू नका, आणि पिचकारी उडवताना खिडकीच्या काचा वर करा.

मात्र हे द्रावण पेयासारखं निळं-हिरवं, सुंदर दिसतं. काही द्रावणांत मिथेनॉल असतं, आणि ते थोडं पोटात गेलं तरी डोळे जातात, जीवही जातो. म्हणून उरलेलं द्रावण सरबताच्या किंवा पाण्याच्या बाटलीत भरून ठेवू नका. मूळ बाटलीतच, मुलांचा हात पोचणार नाही अशा फळीवर ठेवा. चुकून कुणाच्या पोटात गेलंच, तर घरगुती उपाय करत बसू नका. बाटली हातात घेऊन लगेच दवाखाना गाठा.

आणि ही पिचकारी वापरायची कधी? ऊन समोर येण्याआधी! काचेवर धूळ असताना पाण्याचा पहिला फवारा पडला की क्षणभर चिखलच होतो. ओला डस्टर फळ्यावर फिरवला की जसे पांढरट पट्टे उमटतात, तसं दिसतं. दुसऱ्या-तिसऱ्या फेरीला काच निघते. तेव्हा वळणावर, किंवा माणसं चालत असतील तिथे, पाणी उडवू नका. आधी वेग कमी करा, रस्ता सरळ आणि मोकळा पाहून उडवा. काच फारच मळली असेल तर गाडी बाजूला थांबवून ओल्या फडक्याने पुसा. त्यात कमीपणा नाही. गाडी घरातलं कुणी दुसरं चालवत असेल, तरी शेजारी बसून हे सांगायचा आपल्याला हक्क आहे. 'अहो, काच पुसून घ्या जरा,' एवढंच म्हणा. आतली काचही विसरू नका. उन्हाने तिच्यावर एक तेलकट थर बसतो, आणि तो बाहेरच्या पिचकारीने जात नाही.

वर्षातून दोन वेळा ही तपासणी पुरे. एकदा होळीच्या आठवडाभर आधी, आणि एकदा मे अखेरीस, पावसाळ्याच्या तोंडावर. त्याच वेळी वायपरच्या रबरावरून बोट फिरवा. चिरलेलं, कडक झालेलं रबर असेल तर तेही बदला, कारण चांगलं पाणी आणि वाईट रबर यांची जोडी जमत नाही. तहान लागल्यावर विहीर खणण्यात अर्थ नाही, हे आपल्याला घर चालवताना केव्हाच कळलेलं असतं. डाळ-तांदळाच्या यादीशेजारी कॅलेंडरवर एवढी एक नोंद करून ठेवा : 'काचेची पिचकारी पाहणे.'